एक ब्रास धुतलेली वाळू

पाणी वाळूकडं आणायचं की वाळू पाण्याकडं न्यायची, एवढाच प्रश्न होता. मे महिना होता आणि वाघोलीच्या अंगाला लागलेल्या ढगेवस्तीवर मे महिन्यात पाणी टँकरनं येतं. विहिरी खाणींनी कोरड्या केल्या, उरलंसुरलं सोसायट्यांच्या बोअरांनी ओढलं. ज्या टँकरसाठी आयटीतली शिकलेली माणसं गेटवर वॉचमनच्या अंगावर धावून जातात, तो टँकर वाळू धुवायला कोण देणार? तेव्हा प्रेमलानं वाळूच पाण्याकडं न्यायची ठरवली. यात चुकलं काय, हे तिला आजही कुणी समजावून सांगू शकलेलं नाही.

वाळू म्हणायची, पण ती वाळू नव्हेच. खाणीवरच्या क्रशरमध्ये दगड भरडून काढलेली क्रश सँड. नदीची वाळू दुर्मीळ झाल्यापासून निम्मं पुणं या चुऱ्यावर उभं राहिलं आहे. तिच्यात पीठ फार. तशीच गिलाव्याला लावली तर भिंतीला बारीक चिरा पडतात, म्हणून मिस्त्री म्हणतो, धुऊन आणा. ढगे नवरा-बायको पावसाळा सोडून हेच काम करत. क्रशरवाल्याच्या खाणीतला राडारोडा ट्रॅक्टरनं ओढून द्यायचा, त्या बदल्यात तो क्रश सँड देई, ती धुऊन साईटवर नेऊन टाकायची. जमीन कधीच बिल्डरच्या घशात गेली होती. ट्रॅक्टर तेवढा राहिला होता आणि तो प्रेमलाच्या नावावर होता. माहेरच्या जमिनीतला हिस्सा तिनं भावांशी भांडून घेतला होता आणि त्याच्या पैशातून ट्रॅक्टर घेऊन तो भावांच्याच दारावरून मिरवत आणला होता. बाई तशी पहिल्यापासूनच सरळ नव्हती, असं वस्ती म्हणे. वस्तीला सरळ म्हणजे वाकलेली बाई लागते.

त्या दिवशी सकाळी भीमेच्या काठाला संभाजीनं ट्रॉली उलटी घालून आसापर्यंत पाण्यात नेली. मागचं फाळकं पोत्यांनी दाबून लावलं. प्रेमला लुगडं खोचून ट्रॉलीत चढली. तो खालून बादलीनं पाणी द्यायचा, ती वर ओतून फावड्यानं वाळू खालवर करायची. फाळक्याच्या फटीतून राखेच्या रंगाचं पाणी वाहायचं. ते पाणी नितळ होईपर्यंत करायचं, म्हणजे पाच-सहा वेळा. क्रश सँडचे कण धारदार असतात. नदीची वाळू हाताला गुळगुळीत लागते, ही सालटं काढते. प्रेमलाच्या तळहातावरच्या, बोटांवरच्या रेषा दोन वर्षांतच पुसट झाल्या होत्या. बँकेत अंगठा लावायची वेळ आली की मशीन तिला ओळखत नसे.

दहाच्या सुमाराला ट्रॉली निथळत घाट चढून वर आली आणि समोर तलाठी उभा. जयसिंग भाऊसाहेब, मोटरसायकलला टेकून, बरोबर कोतवाल.

"बंद कर, संभाजी."

संभाजीनं इंजिन बंद केलं. कुणी सरकारी माणसानं बंद कर म्हटलं तर तो श्वाससुद्धा बंद करील, असा त्याचा स्वभाव.

"ओली वाळू, नदीतनं वर येतीय ट्रॉली," जयसिंग म्हणाला. "आता काय सांगणार?"

"भाऊसाहेब, ही क्रश सँड हाय," प्रेमला ट्रॉलीतूनच बोलली. "धुवाया आणली होती. हातात घेऊन बगा की."

"धुवायला? कपडे आहेत का ते?" कोतवाल हसला, कारण भाऊसाहेब हसले होते. "पावती दाखव."

पावती नव्हती. कामाच्या बदल्यात मिळणाऱ्या मालाला क्रशरवाला पावती देत नसे. प्रेमलानं खाली उतरून ओंजळभर वाळू त्याच्यापुढं धरली. त्यानं हात पुढं केला नाही, हात खिशातच ठेवले. तेवढ्यात पलीकडच्या रस्त्यानं ताडपत्री टाकलेले दोन डंपर गेले, पाणी गाळत, ओळीनं. जयसिंगनं त्यांच्याकडं पाठ फिरवून फोन काढला आणि साहेबांशी बोलला. साहेब म्हणजे तहसीलदार. ते पुण्यात मीटिंगला होते.

पंचनामा चहाच्या टपरीवर झाला. पंच म्हणून टपरीवाला आणि एक गिऱ्हाईक. गिऱ्हाईकानं वाळूकडं बघितलंही नाही, सही करून बिस्कीट खाल्लं. 'नदीपात्रातून अवैध उत्खनन केलेली ओली वाळू, एक ब्रास.' ब्रास म्हणजे शंभर घनफूट, भरून ट्रॉली. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, ते असं चहाच्या घोटाबरोबर होतं. संभाजीलाच ट्रॅक्टर चालवत तहसीलच्या आवारात न्यायला लावलं आणि चावी काढून घेतली. परत येताना दोघं टमटममध्ये बसले, तेव्हा प्रेमलाच्या अंगावरचं लुगडं अजून ओलं होतं. शेजारची बाई तिच्यापासून अंग चोरून बसली.

दोन दिवसांनी पेपरात बातमी आली. ट्रॅक्टरचा फोटो आणि वर मथळा, 'महिला वाळूमाफियाला दणका'. मुलगी संस्कृती खराडीला एका कंपनीत होती, कॉम्प्युटरवर परदेशातल्या गिऱ्हाइकांच्या तक्रारी सोडवायची. ती घरी आली ती तोंड पाडून.

"आई, ग्रुपवर आलंय ते. टीममधले सगळे विचारतायत, तुझ्या गावचीच आहे का ही."

"मग काय सांगितलंस?"

संस्कृतीनं मोबाईल उलटा करून ठेवला. प्रेमलाला उत्तर कळलं. पोरीनं आईला ओळख दिली नव्हती. ती रागावली नाही. नवी नोकरी, नवे लोक, तिनं तरी काय करावं? पण त्या क्षणी तिच्या डोक्यात एक गोष्ट पक्की बसली. ट्रॅक्टर आज ना उद्या येईल. हा 'माफिया' शब्द अंगावरून उतरला पाहिजे.

तहसीलदारांनी आठवड्यानं बोलावलं. साहेब बोलायला वाईट नव्हते. घाईत होते, एवढंच.

"दंड भरा, बंधपत्र द्या, ट्रॅक्टर घेऊन जा. सगळे तेच करतात."

"करू, साहेब," संभाजी म्हणाला. त्याचे हात जोडलेलेच होते.

"न्हाई करायचं," प्रेमला म्हणाली.

साहेबांनी पहिल्यांदाच मान वर केली.

"दंड भरला म्हंजी चोरी केली असं व्हतं. म्या चोरी केली न्हाई. वाळू तुमच्याच आवारात हाय, एक मूठ मागवा आन् बगा. नदीची वाळू आसंल तर त्यात शंख-शिंपलं घावत्याल. एक जरी शिंपला निघाला तर दुप्पट दंड घ्या."

"बाई, हे प्रदर्शन भरवायचं ऑफिस नाही," साहेब म्हणाले आणि दंडाचा आदेश काढला.

बाहेर आल्यावर संभाजी पायरीवर मटकन बसला. "आगं, शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हंत्यात."

"शहाणी असते तर तुमच्या घरात पडले असते व्हय?" ती म्हणाली. मग त्याचा चेहरा बघून तिला वाईट वाटलं. तिनं पिशवीतली पाण्याची बाटली त्याला दिली.

वकील संस्कृतीनं शोधली. तोंडानं काही कबूल केलं नाही, पण दोन दिवस मोबाईलमध्ये डोकं घालून तिनंच नाव काढलं. शनिवार पेठेत दुसऱ्या मजल्यावर श्यामलाबाई गद्रे. दारावर पाटी होती, 'मूळ कागद आणले नसल्यास जिना चढू नये.' नवरा-बायकोनं ती जिना चढून गेल्यावर वाचली. कागद आणलेले होते, म्हणून बचावले.

श्यामलाबाई सत्तरीच्या. कागद वाचताना मध्ये कुणी बोललेलं त्यांना खपत नसे. त्यांनी पंचनामा दोनदा वाचला आणि चष्मा काढला.

"जप्ती कोणी केली?"

"तलाठी भाऊसाहेबांनी."

"तहसीलदार तिथं होते?"

"न्हाई. फोन केल्ता त्यास्नी."

"फोन," श्यामलाबाई म्हणाल्या. "कायदा म्हणतो, गाडी जप्त करायची तर तहसीलदारापेक्षा खालच्या दर्जाच्या माणसानं करायची नाही. आणि त्यालाही कलेक्टरनं तसा अधिकार दिलेला हवा. तलाठ्यानं थांबवावं, कळवावं, वाट बघावी. तुमचे तलाठी फार हुशार. त्यांनी तहसीलदारांचे कष्ट वाचवले."

"आन् वाळूचं?" प्रेमलानं विचारलं. "ती नदीची न्हाई, ते?"

"तेही लिहू. पण निकाल लागेल तो पहिल्या मुद्द्यावर."

"मला दुसराच पाहिजे."

"बाई, दुकानात आल्यासारखं मागू नका. प्रांतांकडं अपील करू, जे मिळेल ते घ्या. आणि एक सांगते. प्रत्येक तारखेला यायचं. मी येते आणि अशील येत नाही, असे चाळे मी चालवून घेत नाही."

प्रेमला प्रत्येक तारखेला गेली. पाऊस सुरू झाला, पाऊस संपला. ट्रॅक्टर नव्हता तेव्हा दोघं साईटवर रोजंदारीला जायला लागली. ज्या साईटवर पूर्वी ती ट्रॉली घेऊन तोऱ्यात यायची, तिथंच चाळण धरून दुसऱ्याची वाळू चाळायची. मुकादम मुद्दाम मोठ्यानं म्हणे, "घमेली मोजून ठेवा रं, माफिया कामावर हाय." बायका फिसफिस हसत. प्रेमला चाळणीवरून हात न काढता म्हणे, "मोजा की. तुला शंभरापर्यंत येत्यात का पर?" मग हसण्याची दिशा बदलायची. पण घरी गेल्यावर ती कितीतरी वेळ हात गरम पाण्यात बुडवून बसायची. तारखेच्या दिवशी मजुरी बुडायची. संभाजी काही म्हणत नसे. तो काही म्हणत नाही, याचाच तिला जास्त त्रास होई.

एकदा वाटेत थांबून तिनं क्रशरवाल्याला गाठलं. साहेबांपुढं येऊन एवढंच सांगा, की माल तुमचा. तो म्हणाला, "वहिनी, माझी खाण तरी कुठं पुरती कागदावर हाय? मी आलो तर मलाच बसवत्याल." खोटं बोलला नाही, म्हणून तिनं त्याला शिव्या दिल्या नाहीत. आतल्या आत दिल्या.

ट्रॅक्टर बघायलाही मिळत नव्हता. जप्त गाड्या ऑफिसच्या मागच्या आवारात, पत्र्याच्या फाटकाआड ठेवलेल्या. फाटकाशी गेलं की शिपाई म्हणायचा, "केस चालू असताना आत जाता येत नाही." फटीतून ट्रॅक्टरचं धुराडं तेवढं दिसे. ऊन-पावसानं ते तांबरत चाललेलं प्रत्येक तारखेला कळे.

दिवाळीनंतर एकदाची सुनावणी झाली. प्रांतसाहेब वयानं तरुण होते. समोर जयसिंग फाईल पोटाशी धरून उभा.

"जप्तीच्या वेळी तहसीलदार हजर होते?" प्रांतांनी विचारलं.

"फोनवर होते, साहेब."

"फोनवर हजर कसे असतात?"

जयसिंगनं फाईल या हातातून त्या हातात घेतली. श्यामलाबाई पाच मिनिटंच बोलल्या आणि खाली बसल्या. मग प्रेमला उठली. वकीलबाईंनी तिचा पदर ओढला, तरी ती उठलीच.

"साहेब, वाळूचं बी बगा. एक मूठ मागवा."

"जप्त माल कुठं आहे?" प्रांतांनी जयसिंगला विचारलं.

"आहे तसा आहे, साहेब. ट्रॉलीतच."

"मागवायची गरज नाही," प्रांत तिला म्हणाले, आणि समजावून म्हणाले. "जप्ती करणाऱ्याला अधिकारच नसेल, तर वाळू कुठली होती हा प्रश्न उरत नाही."

निकाल पंधरा दिवसांनी हातात आला. जप्ती बेकायदा, दंड रद्द, ट्रॅक्टर-ट्रॉली जप्त मालासह मूळ मालकास परत. श्यामलाबाईंनी तो वाचून दाखवला आणि प्रेमलाकडं बघितलं.

"जिंकलात की. तोंड असं काय केलंय?"

"मी चोर न्हाई, असं कुठं लिवलंय ह्यात?"

"तसं लिहीत नसतात. लिहिलंय की जप्ती चुकली."

"म्हंजी चोर आसंलबी, पर धरायचं चुकलं?"

श्यामलाबाईंनी निकाल टेबलावर ठेवला. एवढ्या वर्षांत अशिलानं असा हिशेब त्यांच्यापुढं मांडला नसावा. "कायद्याच्या भाषेत," त्या म्हणाल्या, "हो. तसंच." मग निकालाच्या एका ओळीवर बोट ठेवलं. "पण 'जप्त मालासह' हे शब्द मी मागून घेतलेत. ताबा घेताना डोळे उघडे ठेवा. न वाचता सही करायची नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी दोघं तहसीलला गेली. संस्कृतीही सुट्टी टाकून बरोबर आली होती. जप्त मालाचं काम बघणारा कारकून वैजनाथ परभणीकडचा, नवा, भला माणूस. त्यानं ताबापावती पुढं केली.

"इथं सही करा, बाई. आन् न्या तुमचं वाहन. लई दिवस झाले ओ तुम्हाला."

प्रेमलानं पावती वाचली. 'वाहन व जप्त केलेला माल सुस्थितीत मिळाला.'

"आदी बगते, मंग सही."

पत्र्याचं फाटक उघडलं. ट्रॅक्टर गवतात उभा होता. बॅटरी गेलेली, पुढचं एक चाक बसलेलं, सीटच्या फाटक्या गादीत मांजराची पिल्लं. संभाजीनं बॉनेटवर हात ठेवला, मग बॅटरी आणायला एकाला पिटाळलं. प्रेमला सरळ ट्रॉलीकडं गेली. चाकावर पाय देऊन वर चढली. ट्रॉली रिकामी होती. नुसती रिकामी नव्हे, झाडून काढलेली.

तिनं वरूनच आवारावर नजर फिरवली. फाटकाला लागून नवी कंपाउंडची भिंत उभी होती. एका टोकाला माल कालवणारी दोन माणसं, आणि गवंडी थापीनं गिलावा ओढत होता. ती उतरून भिंतीकडं गेली. वाळलेल्या गिलाव्यावरून तिनं तळहात फिरवला. ज्या मालानं दोन वर्षं सालटं काढली, तो हे हात ओळखणार नाहीत तर काय ओळखतील? खाली मालाचा ढीग उरला होता, चार घमेली. तिनं मूठभर उचलली, चुरली. करकर आवाज आला. बोटांना पीठ लागलं नाही. धुतलेली.

"नाव काय, मिस्त्री?"

"सोनबा."

"कशाची हाय वाळू?"

"वाळू कुठली बाई, क्रश सँड हाय. पर माल झकास. कुणीतरी मन लावून धुतलाय. एक चीर पडायची न्हाई बगा."

 सहा महिन्यांत प्रेमलाच्या वाळूच्या बाजूनं बोललेला हा पहिला माणूस, आणि त्याला ती कोण हेही माहीत नव्हतं. तिनं मूठ तशीच ठेवली आणि ऑफिसात गेली.

"माल कुठंय?" तिनं वैजनाथला विचारलं.

वैजनाथनं खिडकीतून भिंतीकडं बघितलं, मग कागदाकडं. "ते माझ्या येण्याआधीचं असंल, बाई. भाऊसाहेबांना विचारा."

भाऊसाहेबांना बोलावणं गेलं. जयसिंग आला तो आवाज चढवतच. "ट्रॅक्टर मिळाला ना? मग घेऊन जा की. मूठभर वाळूसाठी काय तमाशा लावलाय?"

"एक ब्रास हाय. तुमीच लिवलंय. प्रांतसायबाला म्हणालात, ट्रॉलीतच हाय."

"कामाला वापरली. सरकारी कामाला. घरी नाही नेली कुणी."

"बरं," प्रेमला म्हणाली. तिचा आवाज शांत झाला होता, आणि संभाजीला ठाऊक होतं की आता काही खरं नाही. "मंग लिवून द्या. कंची वाळू वापरली त्ये."

"म्हणजे?"

"तुमच्या पंचनाम्यात नदीची वाळू हाय. नदीची वाळू म्हंजी सरकारची. ती लिलावाबिगर, साहेबांच्या हुकमाबिगर भित्तीत घातली कुणी, त्ये तुमी सांगा. आन् क्रश सँड आसंल, तर ती माझी हाय. दोन्हीतलं एक लिवा. माझं काय म्हणणं न्हाई."

ऑफिसात चार-पाच माणसं होती. सगळ्यांचे हात थांबले. कुणीतरी खोकलं. जयसिंगनं वैजनाथकडं बघितलं. वैजनाथ शाईचा पॅड उघडून तो वाळलाय का बघत बसला. नदीची म्हणावं तर सरकारी माल चोरल्याचं स्वतःच्या हातानं लिहिणं होतं. क्रश सँड म्हणावं तर पंचनामा खोटा पडत होता. त्यातल्या त्यात हेच सोयीचं, कारण त्या पंचनाम्यावरची जप्ती प्रांतांनी आधीच रद्द केली होती.

"बाहेर सोनबा मिस्त्री हाय," प्रेमला म्हणाली. "इचारून या. म्या थांबते."

"काही विचारायला नको," जयसिंग म्हणाला. त्यानं वैजनाथपुढचा कागद ओढला, उभ्यानं लिहिलं. 'जप्त केलेली एक ब्रास क्रश सँड कार्यालयाच्या संरक्षक भिंतीच्या कामी वापरण्यात आली.' खाली सही केली.

"हुद्दा," प्रेमला म्हणाली.

त्यानं हुद्दा लिहिला.

"शिक्का."

वैजनाथनं शिक्का मारला. चांगला दाबून मारला, चारी बाजू उठतील असा.

प्रेमलानं कागद वाचला. मग संस्कृतीकडं दिला. पोरीनं तो हातात धरून फोटो काढला आणि तिथंच उभ्या-उभ्या मोबाईलवर काहीतरी टाइप करायला लागली. तिच्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि ती ते पुसत नव्हती.

"कुणाला धाडतीस?"

"टीमच्या ग्रुपवर. माझी आई आहे म्हणून लिहितेय."

 प्रेमलानं पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला, तो चरबरीत हात, आणि वाळूचे दोन कण तिच्या केसांत राहिले.

"झालं समाधान?" जयसिंग म्हणाला. "आता तरी न्या तो ट्रॅक्टर."

"नेते की. बॅटरी आणाया माणूस गेलाय." तिनं पावतीवर सही केली, पण 'व जप्त केलेला माल' या शब्दांवर आडवी रेघ मारून. "आता मला एक कोरा कागद द्या, वैजनाथभाऊ."

"आता कशाला हो, बाई?"

"माझी वाळू तुमच्या भित्तीत हाय, असं तुमीच लिवून दिलं न्हवं? मंग ती मला परत नको?"

वैजनाथ हसला, मग भाऊसाहेबांकडं बघून त्यानं हसू गिळलं आणि कागद दिला. प्रेमला बाहेर येऊन पायरीवर बसली. मांडीवर फाईल घेतली. याच पायरीवर मे महिन्यात संभाजी मटकन बसला होता, आता तो तिच्या शेजारी येऊन टेकला. तिनं वरती तारीख घातली आणि लिहिलं, 'विषय: माझी एक ब्रास क्रश सँड, धुतलेली, परत मिळणेबाबत.'

संभाजी वाकून ते अक्षर अक्षर लावत वाचत होता. वाचून झाल्यावर त्यानं खिशातून दुसरा कागद काढून तिच्यापुढं धरला.

"दोन प्रती कर," तो म्हणाला. "एकीवर पोच घेऊ."